‘लॉयल्टी’ आगबोटीची हकीकत

ज्युबिलीच्या ह्या पुस्तिकेत एका आगबोटीची हकीकत पाहून वाचकांस क्षणभर नवल वाटेल. सातारा व सांगली हे दोन्ही मुलूख समुद्रापासून दूर. मध्ये सह्याद्री आडवा पडलेला. आमच्या कृष्णेवर नाव चालते ती पैलतीर गाठण्यापुरती, आणि पूल झाल्यापासून तीही फारशी चालत नाही. असे असता एका मोठ्या आगबोटीशी ह्या दोन जिल्ह्यांचा संबंध जोडणे म्हणजे ओढाताण होय, असे कोणी म्हणेल. परंतु ज्या घराण्याने ती बोट विकत घेतली त्याचे मूळ गाव कोरेगाव तालुक्यात आहे, आणि ज्या गृहस्थाने तिला स्वदेशी निशाणाखाली लंडनला नेले त्याच्या नावाचे विद्यालय सांगलीत उभे आहे. शिवाय ज्या युद्धाने त्या बोटीचा मार्ग बदलला, त्याच युद्धाने आमच्या धर्मप्रांताचे मेंढपाळही आम्हांपासून तोडले. तेव्हा ही हकीकत आमच्या वाचकांपुढे ठेवण्यास आम्हांस संकोच वाटत नाही.

ह्या बोटीचा जन्म इंग्लंडातील बॅरो-इन-फर्नेस येथील गोदीत झाला. दिनांक ३० ऑगस्ट १८९० रोजी ती पाण्यात सोडण्यात आली व तिचे नाव ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’, म्हणजे ‘हिंदुस्थानची सम्राज्ञी’, असे ठेवण्यात आले. नाव हिंदुस्थानचे, पण मालक होती कॅनेडियन पॅसिफिक रेल्वे कंपनी! ह्या कंपनीने १८८५ साली कॅनडा देशाच्या पूर्व भागापासून पश्चिम किनाऱ्यापर्यंत लोहमार्ग पुरा केला होता. रूळ जेथे संपले तेथून पुढे चीन व जपानपर्यंत टपाल आणि उतारू नेण्यासाठी तिने तीन सारख्या बोटी बांधविल्या: एक हिंदुस्थानच्या नावाची, एक जपानच्या व एक चीनच्या. वजनाने सुमारे सहा हजार टन, लांबी साडेचारशे फुटांहून काहीशी अधिक, शुभ्र पांढरा रंग, तीन डोलकाठ्या, दोन धुराडी, आणि मागे एकाऐवजी दोन पंखे. दोन पंख्यांचे महत्त्व समुद्रावरील मनुष्यास अधिक कळेल. एक यंत्र बिघडले तरी दुसऱ्याच्या बळावर बोट बंदर गाठू शकते, आणि पॅसिफिक महासागरासारख्या अफाट जलाशयात ही गोष्ट लहान नव्हे.

आजकाल जुन्या प्रवासी बोटींचा उत्तरकाळ सहलीच्या उतारूंची करमणूक करण्यात जातो, असे आपण ऐकतो. ह्या बोटीचे उलटे झाले. तिचा पहिलाच प्रवास सहलीचा होता. फेब्रुवारी १८९१ मध्ये लिव्हरपूल सोडून ती सुएझच्या कालव्यातून पूर्वेकडे निघाली, ती पृथ्वीप्रदक्षिणेस निघालेल्या शंभराहून अधिक हौशी उतारूंना घेऊन. भूमध्य समुद्र, कोलंबो, सिंगापूर, हाँगकाँग, जपान अशी बंदरे दाखवीत दाखवीत एप्रिलच्या अखेरीस ती कॅनडाच्या व्हँकूव्हर बंदरी पोचली. तेथून उतारूंनी रेल्वेने कॅनडा ओलांडावा व अटलांटिकवरून घरी जावे, अशी योजना होती. त्यानंतर मात्र मौज संपली व नित्याचे काम सुरू झाले. हाँगकाँग, शांघाय, नागासाकी, कोबे, योकोहामा, व्हँकूव्हर आणि पुन्हा परत, अशी तेवीस वर्षे! वरच्या मजल्यावर राजपुरुष, व्यापारी व मिशनरी. खालच्या मजल्यावर मजुरीसाठी घर सोडून निघालेले शेकडो चिनी लोक. तळघरात चहा व रेशीम. १९०३ मध्ये हाँगकाँगजवळ तिची एका चिनी लढाऊ जहाजाशी टक्कर होऊन ते जहाज बुडाले. तिची भगिनी ‘एम्प्रेस ऑफ चायना’ ही १९११ साली जपानच्या किनाऱ्याजवळ खडकावर चढून निकामी झाली. समुद्रावरील नोकरी अशीच असते.

ह्या तेवीस वर्षांतील एका प्रवासापाशी आम्ही थोडे थांबतो. जुलै १८९३ मध्ये योकोहामाहून व्हँकूव्हरकडे निघालेल्या ह्या बोटीवर भगव्या वस्त्रांतील एक तरुण हिंदू संन्यासी होता. स्वामी विवेकानंद शिकागोच्या सर्वधर्मपरिषदेस चालले होते. आदल्या वर्षी ते बेळगावहून गोव्यास गेले व तेथे राशोलच्या सेमिनरीत राहून त्यांनी ख्रिस्ती ग्रंथांचे अवलोकन केले, अशी परंपरागत माहिती सांगण्यात येते. त्याच बोटीवर दुसरे एक हिंदी गृहस्थ होते, ते जमशेटजी टाटा. दोघांची तेथे बोलणी झाली, आणि पाच वर्षांनंतर विज्ञानसंस्थेची कल्पना स्वामींना कळविताना टाटांनी त्या सहप्रवासाची आठवण दिली. पण आमच्या विषयाला लागू ती गोष्ट निराळीच आहे. टाटा त्या दिवसांत जपानी आगबोट कंपनीशी संगनमत करून मुंबई व जपान यांच्या दरम्यान आपली बोटींची ये-जा सुरू करण्याच्या खटपटीत होते. इंग्रज कंपन्यांनी मालाचे भाडे मनास येईल तसे वाढवून ठेवले होते व त्यामुळे आमचा कापूस-सुताचा व्यापार दबून गेला होता. टाटांची ती ‘लाइन’ निघाली खरी, परंतु प्रतिपक्षाने भाडे इतके उतरविले की वर्षभरात ती बंद करावी लागली. म्हणजे स्वदेशी आगबोटीचे स्वप्न पाहणारा मनुष्य, सव्वीस वर्षांनी त्याच स्वप्नाची वाहक होणाऱ्या बोटीच्या डेकवर उभा होता, आणि दोघांपैकी कोणासही ते ठाऊक नव्हते!

१९१४ साली युरोपात महायुद्ध पेटले. तोवर पॅसिफिकवर नव्या व मोठ्या बोटी आल्या होत्या आणि आमची ‘सम्राज्ञी’ म्हातारी झाली होती. त्या वर्षाच्या अखेरीस ग्वाल्हेरचे महाराज माधवराव शिंदे यांनी इतर काही संस्थानिकांच्या साहाय्याने तिला हिंदी सैनिकांसाठी इस्पितळ-जहाज म्हणून घेतले. जानेवारी १९१५ मध्ये तिचे जुने नाव पुसून ‘लॉयल्टी’, म्हणजे ‘राजनिष्ठा’, हे नवे नाव घालण्यात आले. इस्पितळाचे जहाज देण्याचा महाराजांचा हा पहिलाच प्रसंग नव्हता. १९०० साली चीनमध्ये बॉक्सरांचे बंड झाले त्या वेळीही त्यांनी ‘ग्वाल्हेर’ नावाचे असेच एक जहाज सिद्ध करून पाठविले होते.

शिंद्यांचे मूळ गाव कण्हेरखेड. सातारा जिल्ह्याच्या कोरेगाव तालुक्यातील हे साधे शेतकरी गाव. येथल्या पाटीलघराण्यातील राणोजी शिंदे बाजीराव पेशव्यांच्या पदरी चाकरीस राहिले व पुढे माळव्यात सरदार झाले. त्यांचेच पुत्र महादजी यांनी दिल्लीच्या बादशाहीचा कारभार हाती घेतला. पुण्याहून मिरजेकडे येणाऱ्या आगगाडीतून आमचे पुष्कळ वाचक कोरेगावावरून गेले असतील. ह्या टापूत उगवलेल्या घराण्याने समुद्रावरील जहाज विकत घ्यावे, ही गोष्ट ऐकूनच मौज वाटते. पण त्या जहाजाचा विषय सातारकरांना केवळ मौजेचा नाही. त्या युद्धात ह्या जिल्ह्यातून फार मोठ्या संख्येने माणसे फौजेत गेली. अपशिंगे ह्या एकाच गावातील ४६ जवान परत आले नाहीत. मराठा पलटणी मेसोपोटेमियात लढल्या, कूतच्या वेढ्यात उपाशी राहिल्या आणि एप्रिल १९१६ मध्ये शरणागतीनंतर कैदेत गेल्या. जे जखमी व रोगी बसऱ्यास पोचले त्यांना मुंबईस आणण्याचे काम अशा इस्पितळ-जहाजांनी केले. पांढरा रंग, बाजूस मोठे तांबडे क्रॉस, रात्रीही सर्व दिवे लागलेले. शत्रूने पाहावे व तोफ डागू नये, असा आंतरराष्ट्रीय करार. आमच्यातील काही भाविकांची समजूत आहे की तो क्रॉस म्हणजे आपल्या प्रभूचा क्रूस होय. वस्तुतः ते स्वित्झर्लंडचे निशाण रंगांची अदलाबदल करून घेतलेले आहे. तथापि ज्या सैनिकाने बसऱ्याच्या धक्क्यावर पडल्या पडल्या ती खूण पाहिली असेल, त्याने एवढी चिकित्सा केली नसेल.

येथे आम्हांस आपल्या ख्रिस्तसभेचे त्या काळचे दुःखही नमूद केले पाहिजे. पुणे धर्मप्रांतात तेव्हा बहुतेक फादर जर्मन येशूसंघीय होते. युद्ध सुरू होताच ते सरकारच्या दृष्टीने शत्रुराष्ट्राचे प्रजाजन ठरले. काहींना स्थानबद्ध करण्यात आले, आणि पुष्कळांना ‘गोलकोंडा’ नामक आगबोटीने युरोपात परत पाठविण्यात आले. पुण्याचे बिशप हेन्री डोअरिंग यांना युद्धामुळे आपल्या कळपापासून दूर राहावे लागले. १९२१ साली त्यांची नेमणूक जपानात हिरोशिमा येथे झाली आणि १९२७ साली ते पुन्हा पुण्यास आले. ‘एम्प्रेस ऑफ इंडिया’ नागासाकीहून कोबेकडे जाताना ज्या समुद्रावरून जात असे त्याच्याच काठी ते हिरोशिमा आहे. आगबोटीने माणसे आणली, आगबोटीनेच ती नेली. जे धर्मगुरू आपल्या आजोबा-पणजोबांना बाप्तिस्मा देत होते त्यांच्यावर कोणताही गुन्हा नसता ते ह्या किनाऱ्यावरून पाठविले गेले, आणि त्याच किनाऱ्यावर ‘राजनिष्ठा’ नावाचे जहाज आमच्या जखमी बांधवांना उतरवीत होते. निष्ठा कोणाची व कोणाशी, हा प्रश्न त्या वर्षांत अनेकांना छळत असला पाहिजे.

युद्ध संपले. इस्पितळाची गरज उरली नाही आणि बोट विक्रीस निघाली. ही वार्ता सोलापूरचे वालचंद हिराचंद यांच्या कानी आली. वालचंदांचा जन्म १८८२ चा. घरचा सावकारी व सुताचा धंदा सोडून ते रेल्वेच्या ठेकेदारीत शिरलेले. आगबोटींचा त्यांस काडीमात्र अनुभव नव्हता. तरी त्यांनी मुंबईचे नरोत्तम मोरारजी, किलाचंद देवचंद व लल्लुभाई सामळदास यांना बरोबर घेऊन ती बोट खरेदी करण्याचे ठरविले, आणि २७ मार्च १९१९ रोजी ‘सिंदिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनी’ नोंदविली गेली. सिंदिया म्हणजे शिंदे. इंग्रजी जिभेवर कण्हेरखेडचे आडनाव असे वळले व तसेच कंपनीच्या पाटीवर चढले. ज्यांच्याकडून बोट आली त्यांचे ते नाव. ह्याप्रमाणे पुढे साठ-सत्तर वर्षे जगातील बंदरांत एका सातारी आडनावाचा झेंडा फडकत राहिला, आणि वाचणाऱ्यांपैकी फारच थोड्यांस ते कळले.

दिनांक ५ एप्रिल १९१९, शनिवार. ‘लॉयल्टी’ने उतारू व माल घेऊन मुंबई सोडली व ती लंडनच्या मार्गास लागली. वालचंद स्वतः बोटीवर होते. युद्ध नुकतेच संपल्यामुळे विलायतेस जाण्यासाठी जागा मिळणे कठीण होते, आणि हिंदी उतारूला तर इंग्रज कंपन्यांच्या बोटींवर जागेबरोबर मानही मिळत नसे. म्हणून ह्या बोटीकडे लोकांचे डोळे लागले होते. पण तो दिवस कोणता होता ते पाहा. दुसऱ्याच दिवशी, ६ एप्रिलला, रौलट कायद्याच्या निषेधार्थ गांधीजींनी सांगितलेला हरताळ होता व मुंबईत चौपाटीवर हजारो लोक जमले. त्यानंतरच्या रविवारी, १३ एप्रिल रोजी, अमृतसरच्या जालियनवाला बागेत गोळीबार झाला. आमच्या पंचांगाप्रमाणे तो झावळ्यांचा रविवार होता. त्या वर्षी ईस्टर २० एप्रिलला पडला होता. देश अशा रीतीने होरपळत असता ‘राजनिष्ठा’ हे नाव कपाळी घेतलेली पहिली स्वदेशी बोट लंडनच्या वाटेवर होती! ते नाव कंपनीने ठेवले नव्हते; ते जुन्या मालकाकडून आलेले होते. तथापि आम्हांस वाटते की वालचंदांनी ते बदलले नाही हे बरेच झाले. इंग्रजांच्याच समुद्रात, इंग्रजांनीच बांधलेली, इंग्रज सम्राज्ञीच्या नावाने जन्मलेली बोट हिंदी भांडवलाने चालविणे, ह्यात पुरेसे बंड होते.

ह्या प्रसंगाचे वर्णन करणारे वालचंदांबद्दल पुष्कळ लिहितात आणि ते योग्यच आहे. परंतु बोट शेठजींच्या धैर्याने जितकी चालते तितकीच भट्टीपुढे कोळसा ओढणाऱ्यांच्या घामाने चालते. त्यांविषयी कोणी चार ओळीही लिहीत नाही, ही आमची तक्रार आहे. त्या काळी मुंबईहून सुटणाऱ्या बोटींवर कामाची वाटणी बहुधा ठरलेली असे. डेकवर कोकणचे व गुजरातचे खलाशी, यंत्रघरात पंजाबकडील आगवाले, आणि स्वयंपाकघर, पँट्री व उतारूंची सेवाचाकरी ह्यांत गोव्याचे ख्रिस्ती. अधिकारीपदावर मात्र गोरा मनुष्य. हिंदी तरुणास त्या पदाचे शिक्षण देणारी संस्थाच देशात नव्हती. ‘डफरिन’ हे शिक्षण-जहाज १९२७ साली सुरू झाले तेव्हा ती वाट उघडली.

हे गोव्याचे दर्यावर्दी आमच्या दारावरून जात असत. मुरगाव, लोंढा, बेळगाव, मिरज आणि मग सांगली-सातारा जिल्ह्यांतून पुणे, अशी ती लहान रुळांची रेल्वे होती. पत्र्याची पेटी, वर बांधलेली वळकटी व गळ्यात कारमेल मातेचे स्कापुलार, असे ते मुंबईस जात. तेथे धोबीतलावाच्या बाजूस आपापल्या गावच्या ‘कूडा’त राहत. प्रत्येक कूडात गावच्या पाद्रोन संताची वेदी, व रात्री सर्वांनी मिळून रोझरी म्हणण्याचा नियम. बोट मिळाली की दहा-बारा महिने समुद्रावर. मिरज जंक्शनावर रेल्वेच्या नोकरीस आलेल्या गोव्याकडील कुटुंबांत असा एखादा मामा किंवा आजा आढळतोच, आणि आमच्या देवळातील जुन्या माणसांस ‘समुद्राची तारा’ ह्या पवित्र मारियेच्या नावाचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही.

‘लॉयल्टी’चे पुढे काय झाले? सत्य सांगावयाचे तर तिचे यश अल्पजीवी ठरले. अठ्ठावीस वर्षांची बोट, जुनी यंत्रे, कोळशाची भूक मोठी, दुरुस्ती नित्याची. थोड्याच फेऱ्यांत कळून आले की हिच्यावर खर्चच अधिक आहे. १९२१ मध्ये ती उभी करून ठेवण्यात आली आणि १९२३ साली मुंबईत मोडीत निघाली. तिच्या लोखंडाचे व लाकडाचे पुढे काय झाले ते कोणी लिहून ठेवले नाही. दरम्यान कंपनीने ‘जल’ ह्या अक्षरांनी आरंभ होणाऱ्या नावांच्या मालवाहू बोटी घेतल्या होत्या. त्याबरोबर इंग्रज कंपन्यांनी टाटांवर चालविलेले जुने शस्त्र पुन्हा उपसले व ब्रह्मदेशाच्या तांदळाचे भाडे धडाधड खाली आणले. त्यापूर्वी तुतिकोरीनच्या चिदंबरम पिल्ले यांची १९०६ मधील स्वदेशी कंपनी अशाच दडपणाखाली बुडाली होती व तिचा चालक तुरुंगात गेला होता. सिंदिया बुडाली नाही. पण १९२३ साली तिला दहा वर्षांचा करार मान्य करावा लागला. त्यान्वये तिने हिंदुस्थान, ब्रह्मदेश व सिलोनच्या किनाऱ्याबाहेर पडू नये व पंचाहत्तर हजार टनांहून अधिक बोटी ठेवू नयेत, असे ठरले. ज्या वर्षी ‘लॉयल्टी’ तोडली गेली त्याच वर्षी लंडनचा मार्गही असा बंद झाला. वालचंदांस ही अट जन्मभर सलत होती, असे त्यांच्या पुढील भाषणांवरून व खटपटींवरून स्पष्ट दिसते. आमचे मत असे की, त्या वेळी करार न स्वीकारता ते भांडले असते तर कंपनीचे नाव आज पिल्ल्यांच्या कंपनीशेजारी, हुतात्म्यांच्या यादीत असते. बोटी मात्र नसत्या. ह्या मताशी सर्व वाचक सहमत होतील असे नाही.

बोटी राहिल्या म्हणूनच पुढील गोष्टी घडल्या. जून १९४१ मध्ये बाबू राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते विशाखापट्टणच्या गोदीची कोनशिला बसली, आणि १४ मार्च १९४८ रोजी पंडित नेहरूंनी ‘जलउषा’ ही तेथे बांधलेली बोट पाण्यात सोडली. स्वतंत्र हिंदुस्थानच्या गोदीतून निघालेली ती पहिली मोठी आगबोट. वालचंद ८ एप्रिल १९५३ रोजी वारले. १९६४ पासून ५ एप्रिल हा ‘राष्ट्रीय सागरी दिन’ म्हणून पाळण्यात येतो. सिंदिया कंपनीच्या बोटी आता कोणत्याही बंदरात दिसत नाहीत. मुंबईच्या बॅलार्ड इस्टेटमधील ‘सिंदिया हाऊस’ ही दगडी इमारत मात्र उभी आहे.

आमच्या बाजूस राहिलेल्या खुणाही सांगून ठेवतो. सातारा रोड स्टेशनाजवळचा कूपरांचा कारखाना पुढे वालचंदांच्या उद्योगसमूहात गेला होता. तो कण्हेरखेडच्याच कोरेगाव तालुक्यात आहे. सांगलीस विश्रामबागेत १९४७ साली ‘न्यू एंजिनिअरिंग कॉलेज’ निघाले. १९५५ पासून त्यास वालचंदांचे नाव आहे. आमच्या धर्मग्रामातील मुले तेथे शिकतात, आणि त्यांतील एखादा अधूनमधून बोटीवर यंत्रज्ञ म्हणून नोकरी धरतो. त्याची आई मग जुलै महिन्याच्या दुसऱ्या रविवारी, ख्रिस्तसभा समुद्रावरील माणसांसाठी प्रार्थना करते त्या दिवशी, मिस्सेच्या आधी येऊन पुढच्या बाकावर बसते.